सही खोटी ठरली, पण खोटी केली कुणी? बनावट मुखत्यारपत्र आणि फौजदारी कोर्ट

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणारे मूळचे चोपडा तालुक्यातले, २००३ पासून नोकरीसाठी सुरतला. वडील गावी शेती करायचे, अधूनमधून उपचारासाठी मुलाकडे येऊन राहायचे. २०२१ साली ते वारले. गेल्या वर्षी मुलगा वारस नोंदीसाठी तलाठ्याकडे गेला, तर सातबाऱ्यावर परक्याचं नाव. शोध घेतला तेव्हा कळलं की २०१५ सालचं, वडिलांनी चुलत काकांना ‘लिहून दिलेलं’ एक नोटरी कुलमुखत्यारपत्र आहे आणि त्याच्या आधारे काकांनी २०१७ साली शेताचं खरेदीखत करून दिलं. मुखत्यारपत्रावरची सही वडिलांची नाही, असं मुलाचं म्हणणं. पोलिसांनी ‘वाद दिवाणी स्वरूपाचा’ असा शेरा मारून अर्ज निकाली काढला. यांनी खासगी हस्ताक्षर तज्ज्ञाचा अहवाल आणलाय, त्यात सही बनावट असल्याचं म्हटलंय. आता फौजदारी कोर्टात हे सिद्ध कसं करायचं?

दादा, तो अहवाल सध्या बाजूला ठेवा. त्याच्याकडे नंतर येतो.

सही वडिलांची नाही एवढं दाखवलं की आरोपी आत गेला, असं जवळपास प्रत्येक पक्षकार धरून चालतो. तेवढ्याने निम्मंच काम होतं. खोटा कागद कुणी तयार केला किंवा करवून घेतला, आणि ज्याने तो वापरला त्याला तो खोटा आहे हे माहीत होतं का, हे सरकार पक्षाला संशयापलीकडे दाखवावं लागतं. आमच्याकडची बनावट दस्ताची कित्येक प्रकरणं याच दुसऱ्या निम्म्यात आपटतात. सही खोटी होती यावर कुणाचं दुमत नसतं, तरी आरोपी सुटतो.

हे माझं मत नाही, निकाल आहेत. सर्वोच्च न्यायालयाचा २००९ सालचा मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार राज्य हा निकाल या विषयात पहिल्यांदा वाचावा. त्यात असं ठरलं की एखाद्याने दुसऱ्याची जमीन ‘माझीच आहे’ म्हणून स्वतःच्या सहीने विकली, तर तो लबाड असेल, पण ते खरेदीखत ‘खोटा दस्तऐवज’ होत नाही. कारण त्याने दुसऱ्या कुणाच्या नावाने सही केलेली नाही किंवा दुसऱ्याने अधिकार दिलाय असंही म्हटलेलं नाही. तुमच्या बाबतीत हा शेवटचा भाग उपयोगाचा आहे. काकांनी शेत स्वतःचं म्हणून विकलेलं नाही, ‘तर्फे कुलमुखत्यार’ म्हणून विकलंय. म्हणजे अधिकार नसताना अधिकार आहे असं लिहून दस्त केला. तो अधिकार खोटा होता आणि त्यांना ते ठाऊक होतं, एवढं उभं राहिलं तर मुखत्यारपत्रच काय, २०१७ चं खरेदीखतसुद्धा भारतीय दंड संहितेच्या कलम ४६४ च्या व्याख्येत बसवता येतं.

दुसरा निकाल मात्र तुमच्या वाटेत आडवा येणार. शीला सेबॅस्टियन, २०१८. तिथेही मुखत्यारपत्रच होतं. मूळ मालकिणीच्या जागी कुणी तोतया बाई उभी करून ते करून घेतल्याचा आरोप होता. मुखत्यारपत्र बनावट, याबद्दल फारसा वाद उरला नव्हता. पण तपासात ती तोतया बाई कोण हेच निघालं नाही, आणि आरोपीनेच तो कागद ‘तयार केला’ हे सिद्ध झालं नाही. कागदाचा फायदा घेणारा आणि कागद बनवणारा एकच आहे असं गृहीत धरता येत नाही, असं म्हणून न्यायालयाने बनावटीकरणाच्या आरोपातून झालेली सुटका कायम ठेवली. काकांचा वकील पहिल्या तारखेपासून हा निकाल खिशात घेऊन बसलेला असेल. म्हणून तुमची फिर्याद फक्त ४६७ वर, म्हणजे मौल्यवान दस्त बनावट करण्याच्या कलमावर, टेकवू नका. खोटा दस्त खरा म्हणून वापरला हे कलम ४७१, आणि कटाचं १२०-ब, ही दोन पहिल्यापासून ठळक हवीत. ४७१ ला कागद कुणी बनवला हे दाखवायची गरज नसते. वापरणाऱ्याला तो खोटा असल्याचं माहीत होतं किंवा तसं मानायला सबळ कारण होतं, एवढं पुरतं.

कलमांचं निघालंच आहे तर एक गोष्ट. तुमचे दोन्ही दस्त १ जुलै २०२४ च्या, म्हणजे नवे फौजदारी कायदे लागू होण्याच्या, आधीचे आहेत, म्हणून गुन्हा जुन्या दंड संहितेचाच. न्याय संहितेत हेच गुन्हे ३३६, ३३८, ३४० ला गेलेत, पण ती कलमं तुमच्या फिर्यादीत लावू नका. पद्धत मात्र नवी, म्हणजे नागरिक सुरक्षा संहिता, आणि पुराव्याला साक्ष अधिनियम २०२३. दोन्हींची खिचडी केलेल्या फिर्यादी मी पाहतो आणि बचाव पक्षाला आयता मुद्दा मिळतो. आणखी एक मौज बहुतेकांना माहीत नसते. ४६७ ला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे, तरी जुन्या अनुसूचीत ते कलम सरकारी वचनचिठ्ठी सोडली तर अदखलपात्र आहे, म्हणजे कोर्टाच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकत नाहीत. ४६८ (फसवणुकीसाठी बनावटीकरण), ४७१ आणि ४२० (फसवणूक) दखलपात्र. म्हणून ठाण्यात नुसतं ‘४६७ लावा’ म्हणून हट्ट धरणाऱ्याला ठाणे अंमलदार नियमावर बोट ठेवून परत पाठवू शकतो. एकही दखलपात्र कलम सोबत असलं की सगळं प्रकरण दखलपात्र धरलं जातं. आणि जन्मठेपेच्या आशेवरही राहू नका. खटला चालतो प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यासमोर, आणि त्यांच्या हातात ३ वर्षांपर्यंतचाच कारावास आहे. त्याहून जास्त द्यावा असं वाटलं तर त्यांना प्रकरण मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे पाठवावं लागतं.

४२० बद्दल थोडा विचार करा. फसवलं गेलं कोण? त्याच मोहम्मद इब्राहिम निकालात म्हटलंय की खोट्या अधिकाराने विकलेल्या जमिनीत फसवला जातो तो खरेदीदार. मूळ मालक त्या व्यवहारात कुणाच्या भूलथापांना बळी पडलेला नसतो. मग खरेदीदार तुमच्या प्रकरणात कोण, साक्षीदार की आरोपी? हे फिर्याद लिहिण्याआधी ठरवावं लागतं. रेडी रेकनरच्या आसपासच्या दराने, बँकेतून पैसे देऊन, सर्च रिपोर्ट काढून घेतलेला परगावचा माणूस असेल तर त्याला आरोपी करण्यात शहाणपण नाही. तो साक्षीदार म्हणून आला तर मूळ कागदही त्याच्याकडून येतात आणि ४२० ला पाय मिळतात. पण तो शेजारच्याच गटाचा मालक असेल, वडिलांना रोज पाहणारा, आणि तरी वडिलांना एका शब्दाने न विचारता मुखत्याराकडून निम्म्या भावात रोखीने घेतलं असेल, तर ४७१ आणि कट त्याच्याही दारात जातो. गावात कोण कुणाचा हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक.

आता जे तुम्हाला आवडणार नाही ते. दस्त २०१७ चा, वडील गेले २०२१ ला. मधली चार वर्षं ते जिवंत होते, गावातच होते आणि त्यांनी कुठेही तक्रार केली नाही. बचावाचा हुकमाचा पत्ता हाच असणार: ‘वडिलांना सगळं माहीत होतं, त्यांच्या संमतीनेच झालं, आता भाव वाढले म्हणून मुलगा उठला.’ याला उत्तर सहीत सापडत नाही, शेतात सापडतं. २०१७ नंतर ते शेत कोण कसत होतं? खरेदीदाराने ताबा घेतला असेल तर वडिलांना कळलंच नाही हे कुणाला पटणार नाही. पण वडीलच कसत राहिले असतील, तर २०१७ ते २०२१ ची पीकपाहणी, केळीचा विमा भरलेली पावती, ठिबकच्या अनुदानाची फाईल, वीजबिल, गावच्या सोसायटीचं पीककर्ज हे सगळं गोळा करा. विकासोच्या, म्हणजे गावच्या विविध कार्यकारी सोसायटीच्या, सचिवाला एक गोष्ट जरूर विचारा. कर्ज आठ-अ वरच्या, म्हणजे खातेदाराच्या एकूण जमिनीच्या उताऱ्यावरच्या, क्षेत्रावर मंजूर होतं. विक्रीनंतर वडिलांच्या कर्जाची मर्यादा घटली होती का? घटली असेल तर ‘का घटली’ हे त्यांनी विचारलं असणारच, आणि उलटतपासात तो प्रश्न येणार. उत्तर आधीच माहीत असू द्या.

याच जागी फेरफाराची फाईल येते. खरेदीखताचा फेरफार मंजूर करण्याआधी हितसंबंधितांना नमुना ९ ची नोटीस बजावावी लागते. ती वडिलांना बजावली का, आणि बजावली असेल तर तिच्यावर सही कुणाची? तहसीलच्या अभिलेख कक्षातून फेरफार, नोटीस, पोच अशी पूर्ण फाईल नकलेसह मागा. मिळत नसेल तर माहिती अधिकारात मागा. बनावट करणारे मुखत्यारपत्रावर मेहनत घेतात, पण नोटिशीच्या पोचवर कुणीतरी घाईने खरडलेलं असतं. तिथे दुसरी खोटी सही निघाली तर वडिलांना कळू द्यायचं नव्हतं हे आपोआप दिसतं. उलट तिथे वडिलांची खरी सही निघाली, तर तुमचं प्रकरण तिथेच संपलं असं समजा आणि वकिलाची फी वाचवा. फेरफाराने मालकी मिळत नाही हे खरं, पण इथे तो मालकीसाठी नकोय, माहितीचा पुरावा म्हणून हवाय.

मग येतो मूळ कागद. मूळ मुखत्यारपत्र जप्त झाल्याशिवाय बनावट सहीचा खटला उभाच राहत नाही, असं मी सरळ सांगतो. तुमच्या खासगी तज्ज्ञाने खरेदीखताला जोडलेल्या झेरॉक्सवरून मत दिलंय. झेरॉक्स का चालत नाही ते सांगतो. समजा वडिलांची सही ‘पाटील’ अशी संपते. जुन्या शाळेत चौथीपर्यंत शिकलेला माणूस आयुष्यभर एकाच क्रमाने लिहितो: आधी अक्षरं, मग वरून एका झटक्यात शिरोरेघ. ती रेघ उजवीकडे किंचित चढते आणि पेन हवेत उचललं जाताना टोकाला निमुळती होत जाते. नक्कल करणारा समोरचा नमुना पाहत पाहत लिहितो. त्याची शिरोरेघ तुकड्यातुकड्यांनी येते, टोकं बोथट, कारण पेन थांबवून मग उचललेलं. दुसऱ्या वेलांटीच्या वळणावर शाईचा बारीक ठिपका साचतो. तिथे थांबून त्याने नमुन्याकडे पाहिलेलं असतं. कागद उलटा करून तिरक्या उजेडात धरला तर दाबाचा चर दिसतो. खऱ्या सहीत हा दाब खालीवर होतो, काढलेल्या सहीत सगळीकडे एकसारखा. भिंगाखाली हे सगळं दिसतं. झेरॉक्समध्ये निमुळतं टोक आणि बोथट टोक दोन्ही सारखेच काळे, आणि दाब तर नाहीच. आणखी एक: तुमच्याकडच्या एखाद्या जुन्या सहीशी वादातली सही तंतोतंत जुळली, रेघेवर रेघ बसली, तर घाबरू नका. कुठलाही माणूस दोनदा हुबेहूब तशीच सही करत नाही. तशी जुळणी ट्रेसिंगचा संशय वाढवते.

मूळ कुठे असेल? काकांकडे, खरेदीदाराकडे, किंवा खरेदीदाराने शेत तारण ठेवलं असेल तर बँकेत. बँकेत असेल तर नशीब, तिथून तो ‘हरवत’ नाही. तपास अधिकाऱ्याला पत्र देऊन पहिल्या आठवड्यात जप्ती पंचनामा करून घ्या. ‘मूळ गहाळ झालं’ असं उत्तर आलं तर गहाळ झाल्याची तक्रार कधी दिली ते पाहा. तुमच्या अर्जानंतरची तारीख निघाली तर तीही पुराव्यात येते.

तुलनेसाठी वडिलांच्या खऱ्या सह्या लागतील, आणि तुमच्या घरच्या पेटीतल्या नकोत. ‘वाद सुरू झाल्यावर मुलाने तयार केल्या’ असं एका वाक्यात उडवतात. तिऱ्हाइताच्या ताब्यात, रोजच्या कामकाजात पडून असलेल्या सह्या हव्यात, आणि त्या पोलिसांनी पंचनाम्याने आणलेल्या हव्यात. आपल्या खान्देशात शेतकऱ्याची सही कुठे कुठे पडलेली असते ते आठवा. विकासोचे कर्जरोखे तर दरवर्षीचे. जिल्हा बँकेचं नमुना सहीचं कार्ड आणि पैसे काढल्याच्या स्लिपा. ठिबकच्या अनुदानाचा अर्ज तालुका कृषी कार्यालयात. ग्रामसभेचं हजेरी रजिस्टर. आधीचा एखादा नोंदणीकृत दस्त. २०१५ च्या पुढेमागे दोन-तीन वर्षांतल्या जितक्या मिळतील तितक्या घ्या. १९९० ची सही आणून उपयोग नाही. बचाव म्हणेल वयाने हात बदलला, आणि ते खरंही असू शकतं. वडिलांना लकवा, कंपवात, मोतीबिंदू असं काही होतं का तेही लपवू नका, कागदांसह सांगा.

काही प्रकरणांत सहीऐवजी अंगठा असतो. तुमच्या वडिलांना सही येत होती, तरी त्या मुखत्यारपत्रावर कुठे अंगठाही आहे का ते बघा. असेल तर फारच बरं. हस्ताक्षर हा मताचा विषय, ठसा बराच निश्चित. पुण्याला सीआयडीकडे अंगुली मुद्रा केंद्र आहे. पण तुलनेला वडिलांचा खरा ठसा आणायचा कुठून? ‘आधारवरून काढा’ असं प्रत्येक जण म्हणतो. आधारचे बोटांचे ठसे अशा कामासाठी मिळत नाहीत, कायद्यानेच मनाई आहे. जुन्या नोंदणीकृत दस्तावरचा किंवा कर्जरोख्यावरचा शाईचा ठसाच शोधावा लागतो.

सहीचं परीक्षण पोलिसांमार्फत सीआयडीच्या दस्तऐवज परीक्षकांकडे जातं. तिथून तीनपैकी काहीतरी येतं: जुळत नाही, जुळते, किंवा मत देता येत नाही. तिसरं उत्तर बहुतेक वेळा अपुऱ्या नमुन्यांमुळे येतं, म्हणून वरची धावपळ. पण एक गोष्ट आधीच समजून घ्या. ‘ही सही वडिलांची नाही’ हे परीक्षक सांगू शकतात, ‘ही सही काकांनी केली’ हे बहुधा सांगू शकत नाहीत. दुसऱ्याची सही बघून काढताना माणूस स्वतःचं अक्षर दाबतो. तरीही काकांचे, साक्षीदारांचे आणि दस्तलेखकाचे नमुने घ्यायला लावाच. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ खाली दंडाधिकारी तसा आदेश देऊ शकतात. स्वतःविरुद्ध साक्ष देण्याची सक्ती म्हणून त्याला हरकत चालत नाही. काथी कालू ओघड खटल्यात ११ न्यायाधीशांच्या पीठाने ते १९६१ सालीच मिटवलंय. मुखत्यारपत्रावर सहीखेरीज हाताने भरलेला मजकूर असेल, तारीख, गट नंबर, साक्षीदारांची नावं, तर तिथे लिहिणारा सापडतो. सही काढताना सावध असलेला माणूस तारीख लिहिताना नेहमीच्या अक्षरात लिहून जातो.

तज्ज्ञाच्या मतावर किती भिस्त ठेवायची? १९८० च्या मुरारीलाल निकालात म्हटलंय की त्याला पुष्टी हवीच असा पक्का नियम नाही, पण सावधपणा हवा. खालच्या कोर्टात याचा व्यवहारातला अर्थ एवढाच की निव्वळ त्या अहवालावर शिक्षा द्यायला सहसा कोणी धजत नाही. सोबत सही ओळखणारा माणूस लागतो. साक्ष अधिनियमाच्या कलम ४१ खाली ज्याने त्याला लिहिताना पाहिलंय, किंवा कामाच्या ओघात ज्याच्यासमोर त्याच्या सह्या नेहमी यायच्या, तो ओळखीची साक्ष देऊ शकतो. मुलगा म्हणून तुम्ही उभे राहालच, पण उलटतपास कसा जाईल ते ऐका.

‘सुरतला केव्हापासून?’ ‘२००३.’

‘वडील गावी?’ ‘हो.’

‘म्हणजे २०१५ साली ते कुठल्या कागदावर सह्या करत होते हे पाहायला तुम्ही गावात नव्हता?’

संपलं. तुमची साक्ष खोटी ठरली नाही, पण हलकी झाली. तेच विकासोचा निवृत्त सचिव ‘दरवर्षी माझ्या टेबलावर सही करायचे, ही त्यांची नव्हे’ म्हणाला की त्याला हलवणं अवघड. त्याचं तुमच्याशी नातं नाही, जमिनीत वाटा नाही.

सगळ्यात भक्कम पुरावा मात्र सहीचाही नसतो, तारखेचा असतो. नोटरीच्या शिक्क्यावरची तारीख घ्या आणि त्या दिवशी वडील नेमके कुठे होते ते शोधा. ते तुमच्याकडे येऊन राहायचे, सुरतला उपचार चालायचे असं तुम्ही लिहिलंय. त्या दिवशी ते तिथल्या दवाखान्यात दाखल असतील तर केस पेपर, अ‍ॅडमिशन रजिस्टर आणि ते सिद्ध करायला दवाखान्याचा माणूस, एवढ्यावर नोटरीसमोर हजर असल्याचा दावा कोसळतो. डिस्चार्ज कार्डाची झेरॉक्स दाखल करून भागत नाही. जुनी रजिस्टरं रद्दीत जाण्याआधी आजच अर्ज करा.

नोटरीच्या बाबतीत बरेच लोक बिचकतात. बिचकू नका. नोटरी नियम १९५६ प्रमाणे प्रत्येक नोंद नमुना १५ च्या रजिस्टरमध्ये करावी लागते. मुखत्यारपत्रावरचा अनुक्रमांक आणि रजिस्टरमधला अनुक्रमांक जुळतो का, त्या क्रमांकावर भलताच भाडेकरार तर नाही ना, पक्षकाराची सही रजिस्टरमध्ये आहे का, ओळख कुणी दिली, हे तपास अधिकाऱ्याने तपासलंच पाहिजे. रजिस्टरमध्ये नोंदच नसेल तर नोटरी स्वतःला वाचवायला सरकार पक्षाचा साक्षीदार होतो. स्टॅम्प पेपरचंही तसंच. मागे मुद्रांक विक्रेत्याचा क्रमांक, तारीख, कुणी घेतला ते लिहिलेलं असतं. वडिलांच्या नावाचा स्टॅम्प काकांनी किंवा तिसऱ्याच कुणी आणला असेल, तर विक्रेत्याचं रजिस्टर ‘कागद कुणी बनवला’ या अवघड प्रश्नाचं उत्तर देऊ लागतं. आणि मुखत्यारपत्रावरचा फोटो पाहा: मतदार कार्डावरूनच मोठा केलेला नाही ना?

काकांविरुद्ध सगळ्यात सोपा कागद सरकारकडेच पडून आहे. मुखत्यारामार्फत खरेदीखत होतं तेव्हा दुय्यम निबंधक कार्यालयात मुखत्याराचं घोषणापत्र जोडलेलं असतं: मुखत्यारपत्र खरं आहे, रद्द झालेलं नाही, लिहून देणारा हयात आहे, काही खोटं निघालं तर मी जबाबदार. दस्ताच्या गोषवाऱ्यावर काकांचा फोटो आणि अंगठाही असतो. म्हणजे ‘मी तो कागद वापरलाच नाही’ ही वाट बंद. पुढे उरतं ज्ञान, आणि तिथे पैसा बोलतो. खरेदीखतात ‘रक्कम भरून पावलो, तक्रार नाही’ असं असणार. ती रक्कम कुणाच्या खात्यात गेली? वडिलांच्या खात्यात एक रुपयाही आला नसेल आणि काकांनी कधी हिशेबही दिला नसेल, तर अप्रामाणिक हेतू वेगळा सांगावा लागत नाही. वडिलांच्या त्या काळातल्या सर्व खात्यांचे उतारे काढा.

मुखत्यारपत्रावरचे साक्षीदार आणि निबंधक कार्यालयातले ओळख देणारे ही यातली सैल कडी. बहुतेकदा ते दस्तलेखकाच्या ओट्यावर बसणारेच असतात. अशाच एकाने साक्षीत सांगितलेलं वाक्य मला तोंडपाठ आहे: ‘त्यास्नी सांगं सही कर, मी करी दिनी.’ ज्याची ओळख दिली त्याला त्याने कधी पाहिलंच नव्हतं. अशांना पोलीस सरसकट आरोपी करतात आणि मग आतलं सांगणारा कुणी उरत नाही. ज्याने फक्त सही ठोकली त्याला साक्षीदार ठेवावं, किंवा आरोपी झालाच तर माफीचा साक्षीदार करायचा विचार व्हावा, हे तपास अधिकाऱ्याशी आणि सरकारी वकिलांशी सुरुवातीलाच बोला.

पोलिसांचं ‘दिवाणी’ हे उत्तर शेवटचं नसतं. एकाच व्यवहारातून दिवाणी दावा आणि गुन्हा दोन्ही निघू शकतात. लेखी फिर्याद ठाण्यात द्या, पोच घ्या. मग पोलीस अधीक्षकांना रजिस्टर पोस्टाने. तरी हललं नाही तर प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे, नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३) खाली. थेट खासगी फौजदारी तक्रारीचा सल्ला मी या प्रकारात देत नाही. जप्ती, नमुने, रजिस्टरं ही कामं तुम्ही एकट्याने करू शकत नाही. फिर्याद मात्र नीट लिहून घ्या. गुन्हा नोंदला की आरोपी तो रद्द करून घ्यायला छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात जाणार आणि तिथे ‘दिवाणी वादाला फौजदारी रंग’ हेच म्हणणार. फिर्यादीत फक्त ‘माझी जमीन हडपली’ असेल तर ते टिकणार नाही. कोणता कागद, कोणती सही, कोणत्या तारखेला वडील कुठे, कुणी कागद कुठे वापरला, पैसे कुठे गेले, हे कागदांच्या आधारे असेल तर टिकेल. उशीर का झाला तेही पहिल्याच पानावर, वारस नोंदीच्या तारखेसह सांगा. ४६७ ला मुदतीची अडचण नाही, पण न सांगितलेला उशीर संशयाचा फायदा देऊन जातो.

काका ते मुखत्यारपत्र दिवाणी दाव्यात दाखल करतील आणि मग ‘आता कोर्टाशिवाय कुणाला तक्रार करता येत नाही’ असं कुणी तुम्हाला सांगेल. तसं नाही. २००५ च्या इक्बाल सिंग मारवाह निकालानंतर ती आडकाठी फक्त कोर्टाच्या ताब्यात आल्यावर कागदात खोटेपणा झाला तरच लागते.

जाता जाता, इतरही वाचतील म्हणून. जुन्या तारखेचा म्हणून दाखवलेला कागद असेल तर शाईचं वय काढून घेण्याच्या नादी लागू नका, त्यातून क्वचितच काही हाती लागतं. कागद काय म्हणतो ते वाचा. १९९४ सालच्या म्हणवल्या जाणाऱ्या सौदापावतीत ‘ता. शहादा, जि. नंदुरबार’ असं लिहिलेलं असेल तर बाकी काही बघायला नको, नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ ला झाला. त्याआधी शहादा धुळे जिल्ह्यात. एकत्रीकरण योजनेच्या आधीच्या तारखेच्या कागदावर गट नंबर कसा, हाही तसाच प्रश्न. आदिवासी खातेदाराची जमीन असेल तर जमीन महसूल संहितेच्या ३६-अ ची, म्हणजे बिगर-आदिवासीला विकण्याची, परवानगी मुळात होती का, हे सहीच्या आधी बघा.

शेवटी दिवाणी बाजू, कारण फौजदारी कोर्ट तुम्हाला जमीन परत देणार नाही. काकांना शिक्षा झाली तरी सातबारा आपोआप बदलत नाही, आणि ते सुटले म्हणून तुमचा दावा पडत नाही. तिथे पुराव्याची पट्टी खालची असते. दोन्ही दस्त तुमच्यावर बंधनकारक नाहीत अशी घोषणा, ते रद्द करणं, आणि पुढे विक्री होऊ नये म्हणून तूर्तातूर्त मनाई, असा दावा चोपड्याच्या दिवाणी कोर्टात घाला. मुदत कळल्यापासून ३ वर्षं, आणि तुमचं एक वर्ष गेलंय. दुय्यम निबंधकाकडे अर्ज करून दस्त रद्द होत नाही, तिकडे चकरा मारू नका. फौजदारीचा निकाल लागेपर्यंत दावा थांबवून ठेवा असं कुणी सांगितलं तर ऐकू नका.

तुमच्या खासगी तज्ज्ञाचा अहवाल फिर्यादीला जोडा, पोलिसांना हलवायला तो उपयोगी पडेल. दोषारोपपत्रात मात्र त्याच्या भरवशावर राहू नका. या आठवड्यात तहसीलमधून फेरफाराची पूर्ण फाईल मागवा आणि सुरतच्या दवाखान्याला २०१५ च्या रजिस्टरसाठी अर्ज करा. त्या दोन कागदांवरून तुमच्या प्रकरणात किती दम आहे ते मला सांगता येईल.